ताकामिने हिदेको: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ताकामिने हिदेको म्हणजे नेमकी कोण?

जपानी सिनेमातली नटी. जन्म २७ मार्च १९२४, उत्तरेकडच्या होक्काइदो बेटावर हाकोदाते इथे. मृत्यू २८ डिसेंबर २०१०, तोक्योत. पाचव्या वर्षी पडद्यावर आली आणि पंचावन्नाव्या वर्षी, १९७९ मध्ये, शेवटचा सिनेमा करून बाजूला झाली. ताकामिने हे आडनाव; जपानी रिवाजाप्रमाणे ते आधी येतं. प्रेक्षक तिला लाडाने 'देको-चान' म्हणायचे.

एवढी माहिती कुठेही मिळेल. मला तिच्याबद्दल सांगायचंय ते वेगळंच. युद्धानंतरच्या जपानी पडद्यावर कमावती बाई दाखवायची झाली की दिग्दर्शकांना हटकून हिची आठवण व्हायची. शाळेतली बाई, बारची 'मामा' (बार सांभाळणारी बाई), सासरचं दुकान चालवणारी विधवा, शिलाईचा धंदा काढणारी, कपडे उतरवत नाचणारी. गोष्ट प्रेमाची असली तरी खोलीचं भाडं कोण भरतंय हे तिच्या सिनेमात बहुतेक वेळा कळतं. यात अभिनय किती आणि अनुभव किती, हे वेगळं काढणं अवघड आहे, कारण लहानपणापासून घर तिच्याच पैशावर चालत होतं.

ती सिनेमात आली कशी?

योगायोगाने. हिदेको चार-पाच वर्षांची असताना आई क्षयाने गेली आणि वडिलांच्या बहिणीने तिला दत्तक घेऊन तोक्योला आणलं. ही आत्या एके काळी मूकपटांची निवेदिका होती. पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट सांगायची, पात्रांचे आवाज काढायचे, असा तो पेशा. तिथे तिने घेतलेलं नाव होतं ताकामिने हिदेको. तेच नाव पुढे भाचीला लागलं.

१९२९ मध्ये शोचिकू कंपनीच्या कामाता स्टुडिओत 'हाहा' ('आई') या सिनेमासाठी लहान मुलगी निवडायचं काम चाललं होतं. आत्याचा नवरा हिला घेऊन स्टुडिओ बघायला गेला आणि सहज म्हणून मुलींच्या रांगेत शेवटी उभी केली. दिग्दर्शक नोमुरा होतेईने तिलाच उचललं. सिनेमा चालला, आणि मग काम थांबलं ते जवळजवळ थेट पन्नास वर्षांनी. मुलग्यांच्या भूमिकाही तिला मिळायच्या. दिग्दर्शक ओझू यासुजिरोच्या १९३१ च्या 'तोक्यो कोरस'मध्ये नोकरी गेलेल्या कारकुनाची छोटी मुलगी आहे, ती हीच.

मार्च १९३४ मध्ये हाकोदातेला मोठी आग लागून शहराचा मोठा भाग जळाला. तिथले आजोबा आणि त्यांचा सगळा गोतावळा तोक्योला आला. त्या बिऱ्हाडाचा भारही दहा वर्षांच्या पोरीच्या कमाईवर पडला.

तिचं शिक्षण किती झालं होतं?

नावापुरतं. शूटिंगमुळे प्राथमिक शाळाच धड झाली नाही. १९३७ मध्ये शोचिकू सोडून ती पुढे तोहो झालेल्या कंपनीत गेली, तेव्हा शाळेत घालण्याचं आश्वासन मिळालं आणि बुन्का गाकुइन या शाळेत नाव घातलंही गेलं. पण महिन्यातून जेमतेम दोन-तीन दिवस हजेरी लागे. शेवटी शाळेने विचारलं, शाळा की काम? काम सोडणं शक्यच नव्हतं. ही सल तिच्या लिखाणात पुन्हापुन्हा येते. एक तपशील लक्षात ठेवण्यासारखा आहे: १९३८ मध्ये जो सिनेमा तिला बालनटीतून नटी म्हणून पुढे घेऊन आला, त्यात ती शाळेत निबंध लिहिणारी गरीब घरची मुलगी होती.

कुरोसावाशी तिचं काय होतं?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, म्हणून थोडक्यात उरकतो. १९४१ च्या 'उमा' ('घोडा') या सिनेमाचा दिग्दर्शक यामामोतो काजिरो, आणि मुख्य सहायक दिग्दर्शक कुरोसावा आकिरा, पुढे दिग्दर्शक म्हणून जगभर गाजलेला. ऋतू बदलतील तसं हे शूटिंग ईशान्य जपानमध्ये रेंगाळत चाललं आणि बरंचसं काम कुरोसावानेच सांभाळलं. दोघांचं जुळलं. ती सतरा वर्षांची, तो तिशीचा. आत्याने आणि स्टुडिओने प्रकरण मोडून काढलं. तिने स्वतः आत्मचरित्रात ते सांगितलंय, त्यामुळे ही नुसती कुजबुज नाही. कुरोसावा दिग्दर्शक झाल्यावर त्याने एकट्याने केलेल्या एकाही सिनेमात ती नाही. तो नसता तर तिची कारकीर्द वेगळी झाली असती असं म्हणायला मला काही आधार दिसत नाही.

युद्धाच्या काळात ती काय करत होती?

सिनेमे, आणि सैनिकांसमोर गाणी. तिचे फोटो सैनिकांच्या पिशव्यांत असायचे. १५ ऑगस्ट १९४५ ला, म्हणजे जपान शरण गेला त्या दिवशी, ती चिबा प्रांतातल्या तातेयामा इथे एका युद्धपटाच्या शूटिंगवर होती. तो सिनेमा अर्थातच अर्धवट राहिला.

पुढचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. अमेरिकन सैन्य तोक्योत उतरलं, ताकाराझुका नाट्यगृह त्यांनी ताब्यात घेऊन त्याला 'अर्नी पाइल थिएटर' असं नाव दिलं आणि तिथे करमणुकीचे कार्यक्रम सुरू केले. काही महिन्यांपूर्वी जपानी पोरांना निरोप देणारी गाणी म्हणणारी हिदेको आता त्या रंगमंचावर अमेरिकन सैनिकांसाठी गात होती. याची लाज वाटल्याचं तिने नंतर स्वच्छ लिहिलं. ज्या देशात शरणागतीनंतर हजारो लोकांनी रातोरात टोपी फिरवली आणि त्याबद्दल अवाक्षर काढलं नाही, तिथे एका नटीने स्वतःचं हे वागणं लिहून ठेवावं, याला मी मोठं मानतो.

तोहोच्या संपात ती कंपनीच्या बाजूने होती, हे खरं का?

अर्धं खरं. युद्धानंतर कामगार संघटनांना मोकळीक मिळाली आणि तोहो स्टुडिओत १९४६ पासून एकामागून एक संप झाले. संघटना जोरात होती; कोणता सिनेमा करायचा इथपर्यंत तिचा शब्द चालू लागला. १९४६ च्या संपात दहा बडे कलाकार 'आम्हाला संपही नको आणि कंपनीची तळीही उचलायची नाही' अशी भूमिका घेऊन बाहेर पडले. ओकोची देन्जिरो, हासेगावा काझुओ, यामादा इसुझू, हारा सेत्सुको ही मंडळी त्यात होती, आणि हिदेकोही. त्यांच्यासोबत फुटलेल्या तंत्रज्ञांना घेऊन १९४७ मध्ये शिन-तोहो, म्हणजे नवी तोहो, उभी राहिली.

मूळ तोहोतला तंटा मिटला नाही. ऑगस्ट १९४८ मध्ये स्टुडिओत ठाण मांडून बसलेल्या संपकऱ्यांना हटवायला पोलिसांच्या जोडीला अमेरिकन सैन्याचे रणगाडे आणि विमानं आली. 'फक्त युद्धनौका तेवढी आली नाही' असं जपानी लोक अजून म्हणतात. हिदेको तेव्हा शिन-तोहोत होती. १९४९ चं 'गिन्झा कानकान मुसुमे' हे तिने गायलेलं गाणं तिथल्याच सिनेमातलं, आणि ते तुफान गाजलं. एकीकडे रणगाडे, एकीकडे तोक्योच्या झगमगत्या गिन्झा भागात हुंदडणाऱ्या पोरींचं गाणं. जपानी सिनेमाची ती दोन-तीन वर्षं अशीच होती.

ती स्वतंत्र झाली म्हणजे काय झालं?

१९५० मध्ये तिने शिन-तोहो सोडली आणि त्यानंतर कुठल्याही कंपनीच्या बांधील नोकरीत राहिली नाही. आज यात विशेष वाटत नाही. तेव्हाची पद्धत अशी होती की नट-नटी कंपनीचे पगारी नोकर. कंपनी सांगेल तो सिनेमा, सांगेल तो दिग्दर्शक. सप्टेंबर १९५३ मध्ये शोचिकू, तोहो, दाइएइ, शिन-तोहो आणि तोएइ या पाच कंपन्यांनी आपसात करारच केला: एकमेकांचे कलाकार आणि दिग्दर्शक पळवायचे नाहीत. निक्कात्सु कंपनी पुन्हा निर्मितीत उतरत होती, तिला माणसं मिळू नयेत हा त्यातला खरा डाव. या करारात कित्येकांची कारकीर्द अडकली.

हिदेको आधीच बाहेर होती. सिनेमागणिक करार, आधी पटकथा वाचणार, मग हो की नाही ते सांगणार. म्हणून शोचिकूत किनोशिता केइसुकेचा सिनेमा आणि तोहोत नारुसे मिकिओचा सिनेमा, असं ती आलटून पालटून करू शकली. किनोशिताबरोबर बारा सिनेमे, नारुसेबरोबर सतरा. तिच्या उत्तम कामांची यादी काढली तर बहुतेक सगळी या दोघांकडची निघतात, आणि हे दोघं वेगळ्या कंपन्यांचे होते. कंपनीत राहिली असती तर दोघांपैकी एकच तिच्या वाट्याला आला असता. तिच्या अभिनयावर भरपूर लिहिलं जातं, पण या एका व्यवहारी निर्णयाला मिळायला हवं तेवढं श्रेय मिळत नाही.

ती मध्येच पॅरिसला का गेली?

दमली होती म्हणून. १९५१ मध्ये, नाव अगदी शिखरावर असताना, ती एकटीच निघाली आणि साधारण अर्धं वर्ष तिथे राहिली. लहानपणापासून रस्त्याने साधं चालता आलं नव्हतं. शिवाय आत्याशी पैशावरून आणि एकूणच संबंध फार बिघडले होते. परत आल्यावर त्या दिवसांवर तिने पुस्तक लिहिलं. तिच्या लेखनाची सुरुवात तिथली.

जपानचा पहिला रंगीत सिनेमा तिचाच ना?

हो, पूर्ण लांबीचा पहिला जपानी रंगीत सिनेमा: 'कारुमेन कोक्यो नी काएरू' ('कारमेन गावी परतते'), १९५१, दिग्दर्शक किनोशिता. फुजी कंपनीची देशी रंगीत फिल्म वापरून केलेला. ती फिल्म इतकी मंद होती की भरपूर प्रकाशाशिवाय चालेना, म्हणून बहुतेक प्रसंग उघड्यावर, आसामा डोंगराच्या पायथ्याच्या कुरणांत घेतले. रंग नीट उतरतील याची खात्री नव्हती, तेव्हा खबरदारी म्हणून सगळा सिनेमा कृष्णधवलमध्ये वेगळा पुन्हा चित्रित केला. म्हणजे कलाकारांना प्रत्येक प्रसंग दोनदा.

गोष्ट गमतीची आहे. तोक्योत कपडे उतरवून नाचणारी लिली कारमेन मैत्रिणीला घेऊन गावी येते आणि आपण मोठी 'कलावंत' असल्याच्या थाटात वावरते. लाल-पिवळ्या कपड्यांतल्या या दोघी, मागे धुरकट डोंगर, आणि शरमेने मान खाली घातलेला बाप. हिदेकोने कारमेनची टिंगल केलेली नाही. नाच हे आपलं काम आहे आणि आपण ते चांगलं करतो, यावर त्या बाईचा गाढ विश्वास आहे, आणि हसू येतं ते त्या विश्वासामुळेच.

'निजूशी नो हितोमी' ('चोवीस डोळे') बघून लोक एवढे का रडले?

त्सुबोई साकाएच्या कादंबरीवरचा हा १९५४ चा सिनेमा, दिग्दर्शक पुन्हा किनोशिता. सेतो अंतर्देशीय समुद्रातल्या शोदोशिमा बेटावर १९२८ मध्ये एक तरुण शिक्षिका, ओइशी बाई, पाश्चात्त्य कपडे घालून सायकलवरून शाळेत येते. तेवढ्यानेच गावाच्या भुवया उंचावतात. तिच्या वर्गात बारा मुलं. सिनेमा या बारा मुलांच्या मागे १९४६ पर्यंत जातो. कुणी गरिबीमुळे शाळा सोडून खाणावळीत कामाला लागते, कुणी क्षयाने जाते, मुलगे एकेक करून युद्धावर. मुलांची वयं वाढलेली खरी वाटावीत म्हणून किनोशिताने एकमेकांसारखे दिसणारे सख्खे भाऊ-बहीण शोधले. धाकट्याने लहानपणची भूमिका करायची, थोरल्याने मोठेपणची.

शेवटाकडे जुने विद्यार्थी बाईंना जेवायला बोलावतात. इसोकिची युद्धात आंधळा होऊन परतलाय. पहिलीत असताना समुद्रकाठी काढलेला वर्गाचा फोटो हातोहात फिरतो आणि त्याच्यापाशी येतो. तो बोट ठेवून सांगायला लागतो: ही अमकी, तो तमका. फोटो पाठ आहे, पण बोट जरा बाजूला पडतंय. कुणी दुरुस्त करत नाही. हिदेको तिथे काहीच 'करत' नाही, फक्त त्या बोटाकडे बघत राहते.

त्या वर्षी 'किनेमा जुन्पो' या सिनेमाविषयक नियतकालिकाच्या समीक्षकांनी हा सिनेमा पहिला ठरवला. दुसरा 'ओन्ना नो सोनो' ('बायकांची बाग'), तोही किनोशिताचा आणि त्यातही हिदेको. कुरोसावाचा 'सेव्हन सामुराय' तिसरा! आज हे वाचून लोक चकित होतात. पण युद्ध संपून नऊ वर्षं झाली होती आणि थिएटरात बसलेल्या जवळपास प्रत्येक घरातून कुणीतरी गेलेलं होतं. माझी एक तक्रार मात्र आहे: यात जपान्यांनी काय सोसलं ते दिसतं, जपान्यांनी इतरांना काय सोसायला लावलं ते नाही. ओइशी बाईंचं रडणंही मला मध्ये मध्ये जास्त होतं असं वाटतं.

मग तिचं सर्वात चांगलं काम कोणतं?

बहुतेकांचं उत्तर 'उकिगुमो' ('तरंगते ढग'), १९५५, दिग्दर्शक नारुसे, कादंबरी हायाशी फुमिकोची. माझंही तेच.

युद्धकाळात युकिको जपानी सैन्याने व्यापलेल्या फ्रेंच इंडोचायनात, आजच्या व्हिएतनाममधल्या दालात इथे टायपिस्ट म्हणून जाते. तिथे वनखात्यातल्या तोमिओकाशी तिचं प्रेम जमतं. युद्ध संपल्यावर ती तोक्योला परतते, त्याचं दार ठोठावते, आणि दारात त्याची बायको येते. तिथून पुढे सगळा सिनेमा म्हणजे हे दोघं भग्न शहरात, गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावात, पावसात चालत राहतात, भांडतात, वेगळे होतात, परत भेटतात. पोट भरायला ती एका अमेरिकन सैनिकाची सोबत करते. ज्याने आधी तिच्यावर जबरदस्ती केली होती तोच नातेवाईक आता नवा धर्मपंथ काढून पैसे ओढतोय. त्याच्याकडे राहते, आणि त्याचेच पैसे घेऊन पळते.

नायिका म्हणून युकिको अजिबात सोज्वळ नाही. कुरकुरते, टोमणे मारते, पुन्हा त्याच नालायक माणसाच्या मागे जाते. हिदेकोचा आवाज इथे ऐका: दालातमधला हलका, तोक्योतला जड, शेवटाकडे थकलेला आणि किंचित चिरका. ओझू म्हणाला होता की आपल्याला करता येणार नाहीत असे दोनच सिनेमे, दिग्दर्शक मिझोगुचीचा 'गिओन नो क्योदाइ' ('गिओनच्या बहिणी') आणि नारुसेचा 'उकिगुमो'.

ही भूमिका तिला नकोच होती, हा किस्सा प्रसिद्ध आहे. एवढी मोठी प्रेमकथा आपल्याला झेपणार नाही असं वाटून तिने सगळी पटकथा मोठ्याने वाचून टेपवर मुद्रित केली आणि नारुसे व निर्मात्याकडे धाडली: ऐका, मी किती वाईट आहे. त्यांनी उलटाच अर्थ काढला. केवढा हा उत्साह, म्हणून तिलाच घेतली.

नारुसे तिला अभिनय शिकवायचा का?

मुळीच नाही. नारुसे अबोल, चांगलं झालं की वाईट, तेही सांगायचा नाही. पटकथेतले संवाद तेवढे कापत बसायचा. शूटिंगची पद्धतही विचित्र. दोन माणसं बोलत असतील तर आधी एकाचे सगळे शॉट उरकायचे, मग कॅमेरा फिरवून दुसऱ्याचे. समोर माणूस नसताना, मधली वाक्यं वगळून, योग्य भाव योग्य ठिकाणी आणायचा. कसलेला नट नसेल तर फजिती. हिदेको लहानपणापासून तुकड्यातुकड्यांत काम करत आलेली, तिला ते जमलं.

तो आजारी असताना ती भेटायला गेली, तेव्हा त्याने एक जुना बेत पुन्हा काढला: सेट नाही, रंग नाही, मागे नुसता पांढरा पडदा, आणि त्यापुढे माणसं. त्यात काम करशील का? १९६९ मध्ये तो गेला, सिनेमा राहिला.

लग्नानंतर तिने काम सोडलं नाही?

तेव्हा नट्यांनी लग्न केलं की सोडायची रीत होती. हिदेकोने २६ मार्च १९५५ ला मात्सुयामा झेन्झोशी लग्न केलं. तो किनोशिताचा सहायक, 'चोवीस डोळे'च्या वेळी ओळख झालेली. त्याचा पगार सहायकाचा, तुटपुंजा. ती देशातली आघाडीची नटी. नवऱ्याला पाय रोवता येईपर्यंत आपण काम करणार, असा तिचा सरळ हिशोब. वर्तमानपत्रांना त्यात चटपटीत बातमी दिसली. पण ते लग्न अखेरपर्यंत टिकलं.

मात्सुयामा पुढे पटकथाकार-दिग्दर्शक झाला. त्याचा दिग्दर्शक म्हणून पहिला सिनेमा १९६१ चा, एका कर्णबधिर जोडप्याची गोष्ट, हिदेकोच्या जोडीला नट कोबायाशी केइजू. त्यातला रेल्वेचा प्रसंग चुकवू नका. ती जीव द्यायला निघालीय, एका डब्यात आहे, नवरा धावत येऊन शेजारच्या डब्यात चढलाय. मध्ये दोन डब्यांच्या काचा. दोघं काचांतून हातांच्या खुणांनी भांडतात, समजूत काढतात, आणि आजूबाजूच्या प्रवाशांना पत्ता नाही.

'बाई जिना चढते तेव्हा' या सिनेमात तिने कपडेही केले होते का?

हो. १९६० चा हा नारुसेचा सिनेमा, श्रेयनामावलीत वेशभूषेसाठी तिचं नाव आहे. केइको गिन्झातल्या एका बारची 'मामा', म्हणजे बार सांभाळणारी प्रमुख बाई. विधवा, तिशी गाठलेली. रोज संध्याकाळी अरुंद जिना चढून वर जायचं आणि दार उघडलं की हसायचं. तिचे किमोनो साधे, कमी नक्षीचे. इतर पोरींच्या झगमगाटात तीच उठून दिसते. अशा बाईला हे कपडे, अत्तर, बऱ्या वस्तीतली खोली परवडत नाही, पण धंद्यासाठी टाळताही येत नाही. तिकडे आई आणि भाऊ पैशासाठी तगादा लावतात: भावाची कोर्टाची भानगड, पुतण्याच्या पायाचं ऑपरेशन. हे प्रसंग करताना तिला स्वतःचा गोतावळा आठवला नसेल असं मानणं कठीण आहे.

एक स्थूल, प्रेमळ गिऱ्हाईक लग्नाची मागणी घालतं. हाच बरा, असं तिला आणि आपल्यालाही वाटतं. मग त्याच्या बायकोचा फोन येतो. केइको शहराबाहेर तिला भेटायला जाते; दोघी बोलतात आणि भोवती पोरं तीनचाकी सायकल फिरवत असतात, सायकलला बांधलेले रिकामे डबे खडखडतात. हा माणूस असाच थापा मारत फिरतो, बायको शांतपणे सांगते. हिदेकोचा चेहरा तिथे पडत नाही, फक्त आवरला जातो. असं काम करणारी दुसरी नटी मला माहीत नाही.

हारा सेत्सुको श्रेष्ठ की ताकामिने हिदेको?

चहाच्या टपरीवरचा वाद, पण मजेचा. हारा चार वर्षांनी मोठी. ओझूच्या सिनेमांमुळे जगभर ओळखली जाते. तिचं हसू असं की त्यामागे काहीतरी राखून ठेवलेलं आहे असं वाटतं. १९६३ च्या सुमारास तिने काम सोडलं आणि २०१५ मध्ये जाईपर्यंत लोकांसमोर आली नाही, त्यामुळे तिच्याभोवती वलय तयार झालं. हिदेकोभोवती वलय नाही. तिने स्वतःबद्दल सगळं लिहून टाकलं आणि गूढ काही ठेवलंच नाही. मला हिदेको आवडते. कारण हाराला कांदा चिरताना कल्पनेत आणायला कष्ट पडतात.

परदेशात तिचं नाव एवढं कमी का?

१९५१ मध्ये कुरोसावाच्या 'राशोमोन'ला व्हेनिसच्या महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला आणि बाहेर काय पाठवायचं याचं गणित बसलं: जुना काळ, तलवारी, किमोनो. 'राशोमोन'ची नटी क्यो माचिको त्यामुळे जगाला माहीत झाली. हिदेकोचे सिनेमे चालू काळातले, मध्यम-गरीब घरांतले. ते परदेशी प्रेक्षकाला कळणार नाहीत असं कंपन्यांनीच ठरवून टाकलं. नारुसे बाहेरच्या प्रेक्षकांपर्यंत नीट पोचला तो मरणानंतर. अपवाद आहेत: नट मिफुने तोशिरोबरोबरचा तिचा रिक्षावाल्याचा सिनेमा १९५८ मध्ये व्हेनिसचा सुवर्णसिंह घेऊन आला, आणि १९६४ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नो महोत्सवात नारुसेच्या 'मिदारेरू'साठी तिला सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

साठच्या दशकात काय झालं?

टीव्ही आला. १९५८ मध्ये जपानात सिनेमाची ११२ कोटींहून जास्त तिकिटं विकली गेली होती. पुढच्या पाच-सहा वर्षांत आकडा निम्म्याखाली आला. चाळिशीतल्या बाईवर सिनेमा बेतणारे निर्माते आधीच थोडे, ते आणखी कमी झाले. तरी 'मिदारेरू' याच काळातला. शिमिझू शहरात बाँबने उद्ध्वस्त झालेलं सासरचं दुकान युद्धविधवा रेइकोने पुन्हा उभं केलंय. आता समोर सुपरमार्केट आलंय, अंडी मातीमोलाने विकतंय, आणि सासरचे लोक हिला बाजूला सारून स्वतःचं सुपरमार्केट काढायच्या बेतात. त्यात धाकटा दीर तिच्यावर प्रेम असल्याचं सांगून टाकतो. शेवटचे काही क्षण फक्त हिदेकोचा चेहरा आहे. काय घडतं ते सांगत नाही.

पडद्याबाहेरचा एक प्रसंगही नोंदवायला हवा. १९६५ मध्ये इचिकावा कोनने केलेल्या तोक्यो ऑलिंपिकच्या माहितीपटावर मंत्री कोनो इचिरो भडकला: ही कला आहे की नोंद? टीकेची झोड उठली. हिदेकोने इचिकावाची बाजू घेऊन वर्तमानपत्रात लिहिलं, आणि तेवढ्यावर न थांबता मंत्र्याला गाठून दिग्दर्शकाशी त्याची भेट घडवून आणली. वातावरण निवळलं. इंडस्ट्रीतले मोठमोठे लोक तेव्हा गप्प होते.

निवृत्तीनंतर?

लिहीत राहिली. 'वाताशी नो तोसेइ निक्की' हे आत्मचरित्र आधी साप्ताहिकात क्रमशः आलं, १९७६ मध्ये पुस्तकरूपात. त्याला जपानच्या निबंधकार मंडळाचा पुरस्कार मिळाला. शाळा न पाहिलेल्या बाईचं गद्य इतकं चपखल कसं, दुसऱ्या कुणीतरी लिहून दिलं असणार, अशी शंका घेणारे तेव्हा निघालेच. स्वयंपाक, जुन्या वस्तू, प्रवास, माणसं असे विषय, आणि पुस्तकं विसाहून जास्त. उतारवयात नवरा-बायकोने मोठं घर पाडून मुद्दाम लहान बांधलं आणि सामान कमी केलं. समारंभांना जाणं तिने जवळपास बंद केलं होतं.

बघायला सुरुवात कुठून करू?

'बाई जिना चढते तेव्हा'पासून. दोन तासांच्या आतला आहे, वेगही आजच्या प्रेक्षकाला जड जाणार नाही. नंतर 'मिदारेरू', मग 'उकिगुमो'. हा तिसरा ठेवा, कारण युकिकोवर आधी चिडायला होतं. 'चोवीस डोळे' अडीच तासांहून लांब आहे, सुटीच्या दिवशी लावा आणि घरच्यांनाही बसवा. डोकं हलकं करायचं असेल तर 'कारमेन', पण रंगीत प्रतच मिळवा. १९४१ चा बसकंडक्टरचा सिनेमा, नारुसेबरोबरचा पहिला, तासाभराचाही नाही; युद्धाच्या तोंडावर केलेला असून त्यात युद्धाचा मागमूस नाही. सबटायटल तपासून घ्या. नारुसेच्या सिनेमात पैशाचे आकडे फार असतात, आणि कुठल्या बाईने कुणाला किती येन दिले हे हुकलं तर गोष्टीतलं अर्धं हुकतं.